डोंगरमाथ्यावरचा वाडा : एक न लिहिलेला इतिहास

स्मरणिकेच्या संपादक मंडळाने समाजाच्या इतिहासावर काही लिहावे असे आम्हांस सुचविले, तेव्हा मंडळाच्या मनात बहुधा होळकरशाहीचा विषय असावा. तो विषय थोर आहे यात शंका नाही. सुभेदार मल्हारराव होळकर (१६९३-१७६६) आणि पुण्यश्लोक अहिल्यादेवी (१७२५-१७९५) यांच्या कर्तृत्वाने धनगर समाजाची मान ताठ झाली आहे. त्यांच्यावर अधिकारी पुरुषांनी ग्रंथ लिहिले आहेत आणि पुढेही लिहितील. परंतु आपल्या गवळी धनगर समाजातील बहुतेक कुटुंबांचे पूर्वज राजवाड्यात जन्मास आले नाहीत. ते डोंगरावरच्या धनगरवाड्यात जन्मास आले. राजवाड्याची बखर असते, दप्तर असते; धनगरवाड्याचे यांपैकी काहीच नसते. म्हणून यंदा आम्ही या दुसऱ्या वाड्याविषयी लिहिण्याचे योजिले आहे. या विषयात केवळ पूर्वजांचे कौतुक नाही, नातवंडांच्या हिताचाही प्रश्न आहे, हे वाचक बंधुभगिनींच्या पुढे ओघाने येईलच.

वाडा म्हणजे काय?

रायगड, पुणे, सातारा, रत्नागिरी, सांगली, कोल्हापूर, सिंधुदुर्ग हे जिल्हे घेत गोमंतकापर्यंत, आणि तेथून पुढे कर्नाटकातील बेळगाव व उत्तर कन्नड जिल्ह्यांपर्यंत सह्याद्रीच्या माथ्यावर आपल्या समाजाच्या वस्त्या विखुरलेल्या आहेत. यल्लापूर, हल्याळ व जोयडा या तालुक्यांतील आपल्या बांधवांना तेथे ‘धनगर गौळी’ म्हणतात. पिढ्यान्‌पिढ्या कानडी मुलुखात राहूनही त्यांच्या घरातली बोली मराठीच्याच वळणाची आहे. या वस्तीला कोठे धनगरवाडा, कोठे गवळीवाडा, तर कोठे नुसती वाडी म्हणतात. तिची घरे हाताच्या बोटांवर मोजावीत इतकी थोडी, क्वचित पंधरा-वीस. ढेबे, मरगळे, आखाडे, कोकरे, झोरे, शेळके, येडगे अशा एकाददुसऱ्या आडनावाची भावकी म्हणजेच सारा वाडा.

गाव आणि वाडा यांतील भेद येथे नीट लक्षात घेतला पाहिजे. गावाला शीव असते, चावडी असते, सरकारी दप्तरात स्वतंत्र नाव असते. वाड्याला यांतले काही नाही. तो खालच्या खोऱ्यातील कोणत्या तरी महसुली गावाच्या हद्दीत मोडतो. मुंबई ग्रामपंचायत अधिनियम १९५८ साली झाला व खेडोपाडी ग्रामपंचायतींचा कारभार त्याखाली आला. तथापि वाड्याच्या वाट्यास बहुधा खालच्या गावाच्या पंचायतीत मतदानाचा हक्क तेवढा आला. जनगणनेतही ग्रामीण भागाचा आकडा महसुली गावागणिक छापतात. त्यामुळे वाड्यावरची माणसे मोजली जातात खरी, पण ती खालच्या गावाच्या आकड्यात विरघळून जातात. डोंगरावर किती माणसे होती, हे त्या पुस्तकावरून कोणास सांगता येणार नाही.

आम्ही सेवेत असताना घाटमाथ्यालगतच्या एका प्राथमिक शाळेत काही वर्षे होतो. वाड्यावरची मुले घोंगडीची खोळ पांघरून डोंगर उतरत. ओढ्याला पाणी आले की चार-चार दिवस शाळेत दिसत नसत. नवीन मुलाला ‘तुझे गाव कोणते?’ म्हणून विचारावे, तर तो आपल्या वाड्याचे नाव सांगे. दाखलपुस्तकात मात्र नियमाप्रमाणे महसुली गावाचे नाव लिहावयाचे असे. मुलाच्या तोंडचे गाव आणि पुस्तकातले गाव यांत दोन तासांच्या चढणीचे अंतर होते. त्या अंतरात काय हरवले, हे पुढे सांगू.

माथ्यावर कां?

‘आपले पूर्वज एवढ्या उंचावर जाऊन कां राहिले?’ असा प्रश्न तरुण मंडळी विचारतात. कोणी म्हणतो, परचक्राच्या भयाने. कोणी म्हणतो, शिवकालात गडांच्या राखणीसाठी. या समजुतींत कोठे तथ्यांश असेलही. परंतु मुख्य कारण पाऊस, गवत आणि म्हैस यांच्यात शोधले पाहिजे.

धनगर ही एकसंध जात नसून त्यात वीसहून अधिक अंतर्विवाही गट आहेत, असे मानववंशशास्त्रज्ञ कैलाश मल्होत्रा यांनी आपल्या अभ्यासाने दाखविले. हटकर, खुटेकर आदी बांधव मेंढ्या राखतात किंवा लोकर विणतात. आपण म्हशी राखतो. ही वाटणी निसर्गाने घालून दिली आहे. मेंढीला ओल सोसत नाही. साताऱ्याच्या पूर्वेस माण तालुक्यात वर्षाकाठी सहाशे मिलिमीटरही पाऊस होत नाही. तेथे मेंढी सुखाने वाढते. त्याच जिल्ह्यात महाबळेश्वराच्या माथ्यावर पाच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो. तेथे मेंढीचे पाय कुजतील, पण म्हैस मात्र त्या चिखलपाण्यात तृप्त असते. म्हणजे एकाच जिल्ह्याच्या दोन टोकांना दोन धनगर आणि दोन जनावरे.

आपली घरेही त्या पावसाच्या मापाने बांधलेली असत. कारवीच्या काठ्यांच्या कुडाला शेणमातीचा लेप, वर गवताचे जाड छप्पर, आणि एकाच छपराखाली एका अंगास माणसे व दुसऱ्या अंगास गुरे. पावसाळ्याच्या रात्री गुरांची ऊब हीच माणसांची शेकोटी. शहरवासी पाहुण्यास हे पाहून नाक मुरडावेसे वाटे. परंतु त्या धुक्यापावसात ज्याने चार महिने काढले आहेत, त्यास या रचनेतील शहाणपण सांगावे लागत नाही.

लोण्याचा व्यवहार

वाड्याच्या अर्थव्यवस्थेचा शास्त्रीय अभ्यास पर्यावरणशास्त्रज्ञ माधव गाडगीळ आणि उपरोक्त मल्होत्रा यांनी केला व त्यावरील त्यांचा प्रबंध १९८२ साली प्रसिद्ध झाला. परदेशी नियतकालिकात इंग्रजीत छापलेला हा प्रबंध आपल्या समाजात फारच थोड्यांस ठाऊक आहे. म्हणून त्याचे सार येथे देतो.

पश्चिम घाटाच्या माथ्यावर गवळी आणि खोऱ्यात कुणबी अशी वस्ती होती. कुणबी नदीकाठी भात पिकवीत, खालच्या उतारांवर फिरती शेती करीत आणि शिकार करीत. गवळी वरच्या सपाटीवर म्हशी व गाई राखीत आणि थोडीशी नाचणी-वरी पिकवीत. डोंगर उतरून बाजारात नेईपर्यंत दूध टिकणार नाही; म्हणून दूध विरजावे, घुसळावे, लोणी-तूप खाली न्यावे आणि त्याच्या बदली कुणब्यांकडून धान्य आणावे, असा व्यवहार होता. उरलेले ताक घरात राही. या ताकातूनच शरीरास लागणारे पोषण मिळत असल्याने गवळ्यांना शिकारीची फारशी गरज पडत नसे. एक जात रानातील प्राणी मारून खाई आणि दुसरी ताक पिई. एक खालचा उतार वापरी आणि दुसरी वरचा माळ. डोंगर एकच, परंतु दोघांची हाव एकाच वस्तूवर नव्हती, आणि एकाचे उत्पन्न दुसऱ्याची गरज होती. परस्परांचा मान राखून शेजार टिकला तो या पायावर.

या वर्णनाने कोणी हुरळून जाऊ नये. वाड्याचे जिणे कष्टाचे होते. अडलेली बाळंतीण किंवा सर्पदंश झालेला माणूस डोलीत घालून डोंगर उतरावा लागे, आणि कित्येकदा वाटेतच डोली खाली ठेवावी लागे. लोण्याचा भाव घेणारा ठरवी, देणारा नव्हे. उन्हाळ्यात झरे आटले की हंड्याभर पाण्यासाठी आपल्या माताभगिनी कडा उतरत. जुने ते सारे सोने, असे म्हणण्याचा आमचा मुळीच हेतू नाही. पूर्वजांनी अवघड जागी राहण्याची एक रीत शोधून काढली होती आणि ती शेकडो घरांनी पिढ्यान्‌पिढ्या चालविली, एवढेच सांगावयाचे आहे.

नाव राहिले ते एकीचे

अशा लोकांची नावे इतिहासात राहत नाहीत. एक अपवाद सर्व महाराष्ट्रास ठाऊक आहे, तो हिरकणीचा. १६७४ साली ज्या रायगडावर शिवछत्रपतींस राज्याभिषेक झाला, त्या गडावर दूध घालणारी ही गवळण. सांजवेळी गडाचे दरवाजे बंद झाले. घरी तान्हे मूल. म्हणून ती रात्री कडा उतरून गेली, आणि महाराजांनी त्या जागी बुरूज बांधवून तिचे नाव राखले, अशी ही आख्यायिका आहे. आख्यायिकेस आख्यायिकाच म्हणावे. परंतु आख्यायिकेतूनही काही खऱ्या गोष्टी कळतात. राजधानीच्या गडासही दूध बाहेरच्या वस्तीतून येत होते. ते आणणारी स्त्री होती. सैन्यास दुर्गम वाटणाऱ्या कड्याची वाट ती पायांनी ओळखत होती. तिचे नाव कागदावर नव्हे, दगडावर आणि लोकांच्या जिभेवर टिकले. गडाच्या पायथ्याच्या ज्या वस्तीतून आज रज्जुमार्ग वर जातो, ती हिरकणीवाडी म्हणूनच ओळखली जाते. ज्या वाड्यांच्या वाट्यास बुरूज आला नाही, त्यांच्या शेकडो हिरकण्या मात्र विस्मृतीत गेल्या.

घडी विस्कटली ती कशी?

वाड्याच्या जीवनक्रमाला पहिला धक्का बसला तो इंग्रजी अमदानीत. १८७८ च्या वन कायद्याने सरकारास जंगले राखीव करण्याचा व्यापक अधिकार मिळाला आणि १९२७ च्या कायद्याने तो पक्का झाला. कालपर्यंतचे चराऊ रान सरकारी झाले. कुमरीच्या शेतीवर निर्बंध आले. जेथे आजोबा-पणजोबांनी गुरे चारली, तेथे परवानगी आणि दंड यांची भाषा आली. त्याच सुमारास म्हणजे १८८० ते १८८६ या काळात रत्नागिरी, कुलाबा, सातारा, पुणे व कोल्हापूर यांची गॅझेटियरे छापली गेली. त्यांत धनगर व गवळी यांच्या चालीरीतींची नोंद आहे. पण कोणत्या डोंगरावर कोणाचा वाडा, ही यादी नाही. जातीची नोंद झाली, वस्तीची झाली नाही. हा भेद पुढे फार महाग पडला.

दुसरा धक्का स्वातंत्र्यानंतरचा. १९६० नंतरच्या पहिल्या दोन-तीन वर्षांत कोयनेचा शिवसागर जलाशय भरू लागला आणि खोऱ्यातील सुपीक जमीन पाण्याखाली गेली. कोयनेच्या विजेने महाराष्ट्राचे कारखाने चालले. राज्याच्या भरभराटीत त्या खोऱ्याच्या त्यागाचा वाटा आहे. बुडालेल्या गावांतील कित्येक कुटुंबांस दूरच्या जिल्ह्यांत वसविण्यात आले; कित्येक पाण्याच्या वर सरकून उतारावर राहिली. माथ्यावरचे वाडे बुडाले नाहीत. म्हणून हिशेबाच्या कागदावर त्यांचे काही गेले नाही. परंतु ज्या गावांत लोणी द्यावयाचे व भात घ्यावयाचे तीच गावे नाहीशी झाली. ज्या वाटेने बाजारास जावयाचे ती वाट पाण्याखाली गेली. आणि जे कुणबी खाली भात लावीत होते, तेच आता आपल्या गुरांच्या उतारावर नांगर धरू लागले. पूर्वी दोघांच्या गरजा वेगळ्या होत्या. आता दोघांस एकच जमीन हवी झाली. अशा वेळी शेजाऱ्यास दोष देणे सोपे असते. परंतु तोही आपल्यासारखाच परिस्थितीचा मारलेला होता, हे विसरू नये. पुढे ११ डिसेंबर १९६७ रोजी पहाटे कोयनेचा भूकंप झाला. त्यात पावणेदोनशेच्या वर माणसे दगावली आणि हजारो घरे पडली. डोंगरावरच्या कित्येक वृद्धांच्या कालगणनेत आजही ‘भूकंपाआधी’ आणि ‘भूकंपानंतर’ असे दोनच भाग आहेत.

तिसरा टप्पा वन्यजीवरक्षणाचा. १९८५ साली कोयना अभयारण्य झाले, २००४ साली चांदोली राष्ट्रीय उद्यान झाले, आणि २०१० साली या दोहोंचा मिळून सह्याद्री व्याघ्र प्रकल्प जाहीर झाला. त्याचे क्षेत्र ११६५ चौरस किलोमीटरांहून अधिक आहे. २०१२ साली कोयना, चांदोली, राधानगरी व कास यांस जागतिक वारशाचा मान मिळाला. वाघ राहावा, रान राहावे, याविषयी आमचे दुमत नाही. रानावाचून आपली म्हैस जगली नसती हे आपल्याइतके कोणास ठाऊक? आमचे म्हणणे इतकेच की, जगाने ज्याला वारसा म्हटले, त्या रानात आपली घरे होती, याचीही कोठे नोंद असावी.

कागदाचा प्रश्न

आता मूळ मुद्द्यावर येतो. संसदेने २००६ साली अनुसूचित जमाती व इतर पारंपरिक वननिवासी यांच्या वनहक्कांस मान्यता देणारा कायदा केला. पूर्वी झालेल्या अन्यायाचे परिमार्जन करावे, हा त्याचा उद्देश त्याच्या प्रास्ताविकातच सांगितला आहे. ज्या वस्त्यांचे कधी सर्वेक्षण झाले नाही, ज्या जुन्या वस्त्यांना गाव म्हणून मान्यता नाही, त्यांचे महसुली गावात रूपांतर करून घेण्याचा हक्कही त्यात आहे. म्हणजे वाड्याला गाव होण्याची वाट या कायद्याने मोकळी करून दिली आहे.

परंतु त्या वाटेवर एक मोठी धोंड आहे. महाराष्ट्रात आपला समाज अनुसूचित जमातींच्या सूचीत नाही. त्यामुळे आपला दावा ‘इतर पारंपरिक वननिवासी’ म्हणून करावा लागतो. अशा दावेदाराने १३ डिसेंबर २००५ पूर्वी किमान तीन पिढ्या आपण तेथे राहत असून त्या वनावर अवलंबून आहोत, असे सिद्ध करावयाचे असते. कायद्यात पिढी म्हणजे पंचवीस वर्षे. म्हणजे १९३० पूर्वीपासूनचे वास्तव्य दाखविले पाहिजे. ज्याच्या वाड्याचे नाव जनगणनेत नाही, पंचायतीच्या दप्तरात नाही, गॅझेटियरात नाही, आणि ज्याच्या शाळेच्या दाखल्यावर खालच्या गावाचे नाव आहे, त्याने हे कसे दाखवावे? दाखलपुस्तकातील त्या रकान्याची गोष्ट आम्ही आधी सांगितली ती एवढ्याचसाठी. आमच्या माहितीच्या एका बांधवास एका कचेरीत असे उत्तर मिळाले की, ‘तुम्ही सांगता ती वस्ती आमच्या नोंदीत नाही.’ ज्या घरात त्याचे आजोबा जन्मले, त्याच घराच्या जोत्यावरून तो त्या दिवशी उतरून आला होता.

हा प्रश्न काल्पनिक नाही. ज्यांचे वनहक्काचे दावे फेटाळले गेले त्यांना वनातून काढावे, असा आदेश १३ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दिला होता. त्याच महिन्याच्या २८ तारखेस न्यायालयानेच त्यास स्थगिती दिली; परंतु त्या पंधरवड्यात देशभरच्या वनवासी कुटुंबांच्या पोटात जो गोळा उठला, त्यावरून पुराव्याचे मोल काय हे सर्वांस कळून चुकले.

आपण काय लिहावे?

सुदैवाने २००८ च्या नियमांत पुरावा म्हणजे केवळ सरकारी कागद असे म्हटलेले नाही. घरे, बांधबंदिस्ती, जुन्या विहिरी, दफनभूमी, देवस्थाने ही पुराव्यात धरली आहेत. पूर्वीच्या नोंदीतील व्यक्तीपर्यंत पोहोचणारी वंशावळ धरली आहे. आणि दावेदाराखेरीज इतर वृद्धांनी सांगितलेली व लिहून घेतलेली हकिगतही धरली आहे. दाव्यास यांपैकी किमान दोन पुरावे जोडावे लागतात. म्हणजे वाड्यावरच्या आजीची आठवण हीही कायद्याच्या दृष्टीने दस्तऐवज होऊ शकते. मात्र ती कागदावर उतरली पाहिजे, आणि ती सांगणारी आजी हयात असताना उतरली पाहिजे.

यासाठी पदवीची गरज नाही. आम्ही स्वतः मॅट्रिकपलीकडे शिकलो नाही. शंभर पानी वही व थोडा धीर असला की पुरे. प्रत्येक कुटुंबाने प्रथम आपल्या वाड्याचे लोकांच्या तोंडी असलेले नाव व तो ज्या महसुली गावाच्या हद्दीत येतो त्याचे नाव, ही दोन्ही शेजारी शेजारी लिहावीत. नंतर वंशावळ लिहावी. ती लिहिताना केवळ पुरुषांची नावे घालून थांबू नये. सून कोणत्या वाड्याहून आली, लेक कोणत्या वाड्यास दिली, हे लिहिले की एका वाड्याचा साक्षीदार दुसऱ्या वाड्यात सापडतो. जुनी जोती, पाणवठे, देवाची जागा, पूर्वजांच्या समाधीचे दगड, हाताने लावलेले आंबे-फणस यांची जागा नोंदवावी आणि छायाचित्रे घ्यावीत. आजच्या मुलांच्या हातात ती सोय आहेच.

सन सांगता न येणाऱ्या वृद्धास सन विचारू नये. त्याला विचारावे, ‘भूकंपाच्या वेळी तुम्ही केवढे होता?’ ‘बहात्तरच्या दुष्काळात गुरे कोठे होती?’ ‘पानशेत फुटले त्या साली घरात कोण जन्मले?’ पानशेतचे धरण १२ जुलै १९६१ रोजी फुटले. या खुणांवरून सन आपोआप निघतो. त्याहून मागे जावयाचे असेल तर ‘मानमोडीच्या साथीत आपल्या वाड्यातले कोण गेले, असे तुमची आजी सांगे?’ असे विचारावे. ती साथ १९१८ सालची. म्हणजे १९३० च्या पलीकडची. मृत्यूची ती आठवण आज वंशजांच्या वास्तव्याची साक्ष होऊ शकेल. मरून गेलेल्या माणसाने नातवंडांच्या घराची राखण करावी, असा हा योग आहे.

आणखी एक सूचना. वाडा सोडून पुणे-मुंबईस, तालुक्याच्या गावी किंवा गोव्यात स्थायिक झालेल्या बांधवांनी हे काम आपले नव्हे असे समजू नये. त्यांच्याजवळ जुने पोस्टकार्ड, मनीऑर्डरची पावती, शाळेचा दाखला, लग्नपत्रिका असे काही ना काही असते आणि त्यावर कधी कधी वाड्याचे नाव असते. असा चिटोराही फेकू नये. ज्ञातिबांधवांच्या पुढील मेळाव्यापूर्वी प्रत्येक वाड्यातून एक जरी वही तयार झाली, तरी पुढील स्मरणिकेत त्यांची क्रमवार यादी छापता येईल. छापलेले नाव सहजी पुसले जात नाही.

गावाला इतिहास असतो कारण तो लिहून ठेवणारा कुलकर्णी गावात होता. वाड्यावर कुलकर्णी नव्हता. आता वाड्याचीच मुले लिहावयास शिकली आहेत. तेव्हा हे काम दुसऱ्या कोणी करावे अशी वाट पाहण्याचे कारण उरलेले नाही.